वारा सांगणारी आर्डिथ

आर्डिथ व्हावराला विमान चालवता येत नव्हतं. पण लोमन गावच्या छोट्या धावपट्टीवर उतरणाऱ्या प्रत्येकाला वारा कुठला आहे ते तीच सांगायची. रेडिओवर कुणी विचारलं, "लोमन, वारा काय म्हणतोय?" की ती खिडकीतून बाहेर बघायची. एक नजर खांबावरच्या, वाऱ्याने फुगणाऱ्या कापडी पिशवीकडे, एक नगरपालिकेच्या झेंड्याकडे, आणि तरीही खात्री पटली नाही तर ऑफिसामागे वाळत घातलेल्या टॉवेलांकडे. मग बटण दाबून सांगायची, "दक्षिणेचा आहे, हलका. पट्टी मोकळी. आणि हो, हरणं बघून उतरा, सकाळपासून टोकाला चरतायत मेली."

आधीचा व्यवस्थापक मुलाकडे राहायला निघून गेला तेव्हा नगरपालिकेने खरं तर एमिलला विचारलं होतं. एमिल म्हणजे तिचा नवरा. ट्रॅक्टरच्या दुकानात मिस्त्री, त्याला दिवसा सवड कुठली! "दुसरा माणूस मिळेपर्यंत मी बसते," आर्डिथ म्हणाली. दुसरा माणूस काही मिळाला नाही. कुणी शोधलाच नसावा. मुलं मोठी झाली, लग्नं होऊन आपापल्या गावी गेली, एमिल निवृत्त झाला, आणि आर्डिथ बसली ती बसलीच. पेट्रोलमध्ये पाणी उतरलंय का ते बघायचं, पट्टीच्या कडेचं गवत कापायचं, फुटलेले दिवे बदलायचे, संडास धुवायचे, कॉफी गरम ठेवायची. शिवाय पोलिसांनी म्हातारी झाली म्हणून काढून टाकलेली एक मोटार होती. बाहेरगावच्या विमानवाल्यांना गावात जेवायला जायला ती चालू ठेवायची. ती मोटार कॅफेपुढे थांबली की आतली माणसं अजूनही जरा सरळ होऊन बसायची.

हे सगळं ती हौसेने करत नव्हती. भीतीने करत होती. एमिलने उडायला शिकायचं मनावर घेतलं त्या वर्षी जी भीती तिच्या मनात शिरली, ती पुढे कधी गेलीच नाही. घरात बसून घड्याळाकडे बघायचं, त्यापेक्षा इथे बसून आकाशाकडे बघावं. काळजीच्या हाताला काही काम दिलं की ती जरा कमी चावते, हे तिला अनुभवाने कळलं होतं. स्वतः मात्र ती विमानात बसायची नाही. दोघांपैकी एकाने जमिनीवर असावं, असं तिने मनाशी पक्कं करून टाकलं होतं. रेडिओच्या वर लोरेटोच्या मातेचं चित्र होतं. देवदूतांनी तिचं घर उचलून आभाळातून नेलं, म्हणून ती विमानवाल्यांची राखणकर्ती. एमिलची चाकं जमीन सोडायची तेव्हा आर्डिथची बोटं जपमाळेवर जायची आणि "नमो मारिया" सुरू व्हायचं. कुणी पेट्रोल मागायला आलं तर मध्येच थांबायचं, पेट्रोल घालायचं, परत येऊन जिथे सोडलं तिथून धरायचं. देवाला घाई नसते.

त्या उन्हाळ्यात मात्र जपमाळ पुरेना.

एमिल कॉफी ओतायचा ती कपाच्या डाव्या अंगाला, टेबलावर. चर्चच्या दारातून आत जाताना त्याचा डावा खांदा चौकटीवर आपटायचा. जेवून उठला की ताटात डाव्या बाजूची भाजी तशीच. एकदा तिने मुद्दाम त्या बाजूने, काही न बोलता, पावाची टोपली पुढे केली. टोपली त्याच्या गालाला लागली तेव्हा तो एवढा दचकला की टोपली खाली.

"डोळ्याच्या डॉक्टरला दाखवून येऊ या का रे?" तिने पाव गोळा करता करता विचारलं.

"म्हातारपण दाखवायला डॉक्टर कशाला? आरसा आहे की घरात."

तिने टोपली त्याच्या उजव्या बाजूला ठेवली. लोमनमध्ये कुणी कुणाच्या तब्येतीची चौकशी करत नाही, आणि विमानवाल्याची तर नाहीच नाही. डॉक्टरने नाही म्हटलं की उडणं गेलं, आणि उडणं गेलं की धडधाकट माणूस दोन हिवाळ्यांत खुर्चीचा होऊन जातो, हे सगळ्यांनी पाहिलेलं. त्यामुळे कुणाला कमी ऐकू येतं, कुणाचा हात थरथरतो, हे पट्टीवरच्या झाडून सगळ्यांना ठाऊक असतं आणि सगळे कॉफी ढवळत हवामानावर बोलतात. आर्डिथही त्यातलीच. तरी रात्री कूस बदलताना तिच्या मनात यायचं, उडताना याला पट्टी दिसते ना? उतरायला येताना विमान डाव्या अंगानेच वळवतात. पट्टी डाव्या खिडकीत धरून. सगळा भार डाव्या बाजूवर.

एकच गोष्ट तिला धीर द्यायची, ती म्हणजे मायलो कास्पारेक. एमिलचा शाळेपासूनचा दोस्त. एरवी शिडीवर चढायलाही कां कूं करणारा हा माणूस त्या उन्हाळ्यात एमिलच्या प्रत्येक फेरीला बरोबर जायला लागला होता. "बायको गेल्यापासून घर खायला उठतं गं," म्हणायचा. आर्डिथला वाटायचं, चला, बरं झालं, एमिल एकटा तरी नाही.

जुलै संपत आला होता. शनिवार होता. मक्याला तुरे आलेले, फवारणीचे दिवस, आणि नुसती धावपळ. ट्रॅव्हिस आणि केंड्रा हे तरुण जोडपं दर वर्षी या दिवसांत लोमनला मुक्कामाला यायचं. ट्रॅव्हिस आपलं पिवळं विमान घेऊन शेतांवर औषध मारायचा, आणि केंड्रा पट्टीच्या उत्तर टोकाला टाक्यांपाशी औषध कालवून त्याची वाट बघत उभी. तो उतरला की नळी लावायची, टाकी भरायची, की हा परत वर. दिवसभर हेच.

त्या दिवशी हॅडलीच्या विमानतळावर पॅनकेकची न्याहारी होती. आसपासच्या गावांचे विमानवाले अशा न्याहारीला उडत उडत जातात. खाण्यापेक्षा जाण्याचंच अप्रूप. एमिल आणि मायलो सकाळीच निघाले. आर्डिथ पंखाच्या सावलीत उभी राहिली.

"आज ऊन फार आहे," ती म्हणाली. म्हणायचं दुसरंच होतं.

"उन्हाने पंख वितळत नसतात गं बाई," एमिल म्हणाला, आणि तिच्या गालाची पापी घ्यायला वाकला. ती पडली नाकावर.

मायलोने ते पाहिलं. तिने पाहिलेलं त्याने पाहिलं. आणि दोघंही हवामानावर बोलले.

दुपारचं जेवण तिने डब्यातच ठेवलं होतं.  तेवढ्यात रेडिओतून घरघर ऐकू आली. कुणी बटण दाबून बोलायचं विसरावं तशी. थोडा वेळ नुसतं इंजिन. मग माणसाचा आवाज.

"…उद्या चर्चमध्ये फादर स्टेपानने परत ते क्षमेचं प्रवचन लावलं ना, तर मी सरळ झोपणार."

"गेल्या खेपेला झोपलासच की. घोरत होतास. आर्डिथने कोपर मारलं तुला."

"डावीकडून मारलं. दिसलंच नाही मला."

आणि एमिल हसला. खो खो हसला. मायलो हसला नाही.

आर्डिथला आधी काय झालंय तेच कळेना. मग कळलं. एमिलच्या जुन्या विमानात हातात धरायचा माईक आहे, तो दोन खुर्च्यांच्या मधे अडकवून ठेवतात. त्याचं बटण कशाखाली तरी दाबलं गेलं होतं. तिने रेडिओचं बटण दाबलं. "एमिल, एमिल, तुझा माईक चालू राहिलाय!" काही उपयोग नव्हता. जोवर एमिलचं बटण दाबलेलं, तोवर त्याला बाहेरचं अक्षर ऐकू येणार नव्हतं. आणि आसपासच्या साऱ्या पट्ट्यांचा रेडिओ एकाच लहरीवर. म्हणजे तिकडे हॅडलीपासून इकडे रॉस्कोपर्यंत जिथे जिथे रेडिओ चालू असेल तिथे सगळीकडे एमिल व्हावरा एकटा बोलणार आणि बाकीच्यांनी मुकाट्याने ऐकायचं.

शरमेने तिचे कान तापले. पण तेवढ्यापुरतेच.

"हसण्यावारी नको नेऊस एमिल," मायलो म्हणत होता. "सकाळी कुठवर होतं?"

"सकाळी कोपऱ्यात होतं. आता नाकापाशी आलंय. ओली गोधडी कुणी वरून खाली सोडत यावं ना, तसं. काळं नाही, राखाडी."

"सांग ना मग तिला!"

"आर्डिथला नाही सांगायचं. शपथ घे."

"तीनदा घेतली की."

"चौथ्यांदा घे. आणि डावीकडे बघून सांग, कुणी आहे का."

"थांब, वाकू दे. अरे, हे कणसांचं पोतं मधे कशाला ठेवलंयस? पोट आणि पोतं, वाकू कसा मी?"

"पॅनकेक कमी हाणायचे."

"…कुणी नाही. मोकळं आहे. पण तू डावीकडे कलतोयस बरं का."

आर्डिथ खुर्चीत मागे टेकली. तर हे असं होतं. मायलो सोबतीला जात नव्हता. तो एमिलचा डावा डोळा होऊन जात होता. शिडीला घाबरणारा मायलो. उजव्या खुर्चीत बसून, पोटावरून वाकून, डाव्या खिडकीतून बघणारा डोळा. आणि त्या डोळ्याच्या भरवशावर ती सारा उन्हाळा देवाचे आभार मानत बसली होती.

रेडिओतून एकदम कर्कश चिरकल्यासारखा आवाज आला आणि थांबला. परत आला. दोन जण एकाच वेळी बोलायला गेले की असा आवाज येतो. शब्द एकही कळत नाही. पण कोण असणार ते तिला कळलं. ट्रॅव्हिसची टाकी संपली होती. तो परत येत होता आणि नेहमीप्रमाणे सांगत होता, की मी येतोय. कुणालाच ऐकू जात नव्हतं.

तिने खिडकीबाहेर पाहिलं. वारा दक्षिणेचा. एमिल नियमाने वाऱ्याला तोंड देऊन उतरणार, म्हणजे उत्तरेकडून येणार. ट्रॅव्हिसला वाऱ्याचं काय! त्याच्या टाक्या उत्तर टोकाला, म्हणून तो रोज दक्षिणेकडून येऊन सरळ टाक्यांपाशीच थांबायचा. पट्टी एक. एक या टोकाने, एक त्या टोकाने. आणि वळताना एमिलच्या डाव्या खिडकीत जे दिसायचं, ती होती ओली गोधडी.

"मायलो, गावची पाण्याची टाकी दिसली. आलंच लोमन," रेडिओ म्हणाला.

आर्डिथ पळाली. तिच्या वयाची बाई जशी पळेल तशी नाही, पोरगी पळते तशी. ऑफिसाचं दार उघडंच राहिलं. नगरपालिकेचा पिवळ्या दिव्याचा ट्रक तिने गवतातून काढला आणि पट्टीच्या कडेकडेने उत्तर टोकाकडे सोडला. ट्रकमध्येही रेडिओ होता, आणि त्यातून एमिल आता गुणगुणत होता. लग्नात वाजवतात तसली पोल्का. "आई, त्याला गप्प कर," ती ओरडली. कुठल्या आईला म्हणाली, लोरेटोच्या की स्वतःच्या, तिलाही सांगता आलं नसतं.

टाक्यांपाशी पंप धडधडत होता. केंड्रा रबरी हातमोजे, पोटावर रबरी झगा, तोंडावर मुखवटा घालून पाठमोरी उभी. आर्डिथने भोंगा दाबला तो दाबूनच धरला. केंड्रा वळली. पंप बंद केला. मुखवटा खाली ओढला.

"काय झालं? आर्डिथ, तुम्ही अशा पांढऱ्याफटक का दिसताय?"

"ट्रॅव्हिसशी बोलायचा तुझा वेगळा रेडिओ आहे ना? त्याला थांबव. उतरू नको म्हणावं!"

"पण का?"

"एमिल येतोय. इकडून. त्याचा माईक अडकलाय, त्याला काही ऐकू येत नाही." मग जे आजवर ओठांवर आलं नव्हतं ते आलं. "आणि त्याला डावीकडचं दिसत नाही."

केंड्राने पुढे एक शब्द विचारला नाही. हातमोज्यासकट तिने कमरेचा रेडिओ तोंडाशी धरला. "ट्रॅव्हिस, उतरू नकोस. ऐकतोयस? वर जा. एमिल उत्तरेकडून येतोय."

"काय?" ट्रॅव्हिसचा आवाज. "मी खाली आलोय गं, आलोच. मघापासून रेडिओवर कोण गाणी म्हणतंय?"

"तोच! तोच एमिल! वर जा, ट्रॅव्हिस!"

"कुठे आहे? मला नाही दिसत."

केंड्राने आर्डिथचा हात धरला. ओला, औषधाच्या वासाचा रबरी हात. दोघी दक्षिणेकडे बघत होत्या. पट्टीच्या त्या टोकाला उन्हाच्या झळांत पिवळा ठिपका थरथरत मोठा होत होता. त्यांच्या पाठीमागे, वर, दुसऱ्या इंजिनाचा आवाज. तो आवाज आर्डिथ हजारांत ओळखायची. मागे वळून बघायची तिची छाती झाली नाही.

"देवा," ट्रॅव्हिस म्हणाला. फक्त तेवढंच.

पिवळं विमान एका पंखावर उभं राहिल्यासारखं झालं, आणि पश्चिमेच्या मक्यावरून गर्जत, तुरे झोपवत निघून गेलं. त्याच क्षणी एमिलचं विमान दोघींच्या डोक्यावरून गेलं, इतकं खालून, की केंड्राच्या केसांतला रुमाल उडाला. ट्रकच्या रेडिओत मायलो ओरडत होता, "उजवीकडे घे. अजून. अरे उजवीकडे रे, एमिल!"

"पट्टीवर आहे ना मी?"

"आहेस. थोडा आहेस. उजवीकडे!"

चाकं टेकली. उडाली. परत टेकली. डावं चाक कडेकडेने घासत गेलं आणि काच फुटल्याचा आवाज झाला.

"काय होतं ते?" एमिलने विचारलं.

"काही नाही," मायलो म्हणाला. "खार होती."

पट्टीच्या कडेचा दिवा भुगा होऊन पडला होता.

आर्डिथ ट्रकच्या पायरीवर बसली.  केंड्रा रेडिओवर नवऱ्याशी बोलत होती, रडत होती, त्याला शिव्या देत होती. ट्रॅव्हिस दोनदा फिरून हळूच उतरला. इंजिन बंद करून तो खाली आला आणि एमिलच्या विमानाच्या शेडकडे न जाता टाकीकडे तोंड करून उभा राहिला. हात पुसत. खूप वेळ पुसत.

शेडपुढे विमान थांबलं होतं. आर्डिथ पोचली तेव्हा मायलो कणसांचं पोतं बाहेर ओढत होता. पोत्याखालून माईक सटकला आणि वायरवर लोंबकळला. मायलोने माईककडे पाहिलं, आर्डिथकडे पाहिलं, आणि पोतं छातीशी कवटाळून उभा राहिला.

एमिल खाली उतरत होता. "हॅडलीवाल्यांनी कणसं दिली बघ. अशी गोड आहेत…" आणि तो थांबला. त्यालाही माईक दिसला. उजव्या बाजूला होता तो.

"कधीपासून?" त्याने विचारलं.

"मी ऐकलं ते फादर स्टेपानपासून."

"सगळं?"

"सगळं. तुझी पोल्काही."

"आणखी कुणी…"

"हॅडली ते रॉस्को. ज्याच्या ज्याच्याकडे रेडिओ आहे तो."

एमिल चाकावर बसला. टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. "सांगणारच होतो तुला. पीक निघालं की."

"कुणाचं पीक?" आर्डिथचा आवाज चढला. लग्नानंतर इतक्या वर्षांत शेडपुढे तो कधी चढला नव्हता. "आपल्याकडे टोमॅटोची चार झाडं आहेत, एमिल! त्यांच्यासाठी थांबला होतास? ट्रॅव्हिस तुझ्या नाकासमोरून गेला. तुला दिसला? सांग ना, दिसला?"

"ट्रॅव्हिस?" एमिलने मायलोकडे पाहिलं. मायलो मान वर करेना. एमिलचा चेहरा हळूहळू राखेसारखा झाला. "त्याची बायको इथेच होती?"

"माझा हात धरून उभी होती."



फोन आर्डिथनेच केला. शनिवार दुपार, डोळ्याचा डॉक्टर कुठला भेटायला? पण ओमाहा शहरातल्या मोठ्या इस्पितळातल्या बाईने 'नजरेवर गोधडी उतरतेय' एवढं ऐकलं मात्र, ती म्हणाली, "आजच आणा. लगेच. डोळ्याच्या मागचा पडदा सुटत असणार. मध्यापर्यंत सुटला तर गेलं सगळं." आर्डिथने भिंतीला हात टेकला. मोटारीने दोन तास. त्या दोन तासांत गोधडी किती खाली येईल?

ती किल्ली शोधत होती तोच ऑफिसातला रेडिओ बोलला. आता मोकळा झाला होता तो. "लोमन, वारा कुठला?" बाईचा आवाज. डॉक्टर ग्लेंडा राउश, रॉस्कोची गुरांची डॉक्टर. तिचं स्वतःचं चार माणसांचं विमान आहे.

"दक्षिणेचा," आर्डिथ म्हणाली. सवयीने. पट्टी मोकळी आहे, हे सांगायचंही राहिलं.

ग्लेंडा उतरली ती गोठ्यातल्या बुटांनीच. शेडपाशी आली, टोपी मागे सरकवली आणि म्हणाली, "मी ओमाहाकडेच निघाले होते. म्हटलं, कुणाला यायचं असलं तर बघावं." ओमाहा पूर्वेला आणि लोमन रॉस्कोच्या पश्चिमेला, हे तिथे उभ्या असलेल्या सगळ्यांना ठाऊक होतं.  मायलोने उगाच आभाळाकडे पाहून म्हटलं, "हवा चांगली आहे."

"आम्हाला यायचंय," आर्डिथ म्हणाली.

"आम्हाला?" एमिलने विचारलं. "तू बसणार विमानात?"

"बसणार."

एमिल चालत विमानापाशी गेला आणि डाव्या, चालवणाऱ्याच्या दारासमोर उभा राहिला. उडायला लागल्यापासून तो त्याच बाजूच्या दाराने आत शिरला होता. हात दाराच्या कडीवर गेला. ग्लेंडा शेजारी येऊन थांबली. तिने घाई केली नाही. गाईने वळावं म्हणून थांबते तशी नुसती थांबली. एमिलने कडी सोडली. विमानाच्या नाकासमोरून वळसा घालून तो उजव्या दाराकडे गेला. एवढी चार पावलं, पण आर्डिथला ती बघवेनात. तिने मान फिरवली.

"रेडिओ मी बघते," केंड्रा म्हणाली. "जा तुम्ही."

"टॉवेल बघून सांग वारा. खांबावरची पिशवी फाटली आहे," आर्डिथ म्हणाली, आणि मागच्या खुर्चीत चढली.

जमीन सुटली तेव्हा तिने डोळे मिटले. जपमाळ ऑफिसातच राहिली होती. बोटांच्या पेरांवर ती नमो मारिया मोजू लागली. पुढे ग्लेंडा म्हणत होती, "एमिल, उजवीकडची बाजू तू सांभाळ. मला तिकडचं नीट दिसत नाही." ती चांगली तरणीताठी बाई, तिला न दिसायला काय झालं? पण एमिल सरळ बसला. "एक आहे," थोड्या वेळाने म्हणाला. "लांब. आपल्या खाली." मग परत, "मोकळं."

लोक म्हणाले, योगायोग. माईकवर पोतं पडलं म्हणून निभावलं. आर्डिथ योगायोग म्हणत नाही. ज्या घरात कुणी कुणाला काही सांगायचं नाही असं ठरलेलं असतं, तिथे देवाला दुसरं काही सुचलं नसेल, तर त्याने कणसांचं पोतं वापरलं. त्याच्या मर्जीपुढे पोतं काय आणि देवदूत काय!

ओमाहाच्या डॉक्टरणीने रविवारी सकाळीच शस्त्रक्रिया केली. सुटलेला पडदा जागेवर बसवला आणि तो दाबून राहावा म्हणून डोळ्यात वायूचा एक बुडबुडा भरला. "दोन दिवस गेले असते तर माझ्या हातात काही राहिलं नसतं," ती म्हणाली. "किती दिसेल ते आत्ता विचारू नका. आठवडाभर मान खाली. झोपतानाही. आणि बुडबुडा विरेपर्यंत विमानात बसायचं नाही, उंचीवर तो फुगतो." त्यामुळे परत येताना मायलो मोटार घेऊन आला. दोन तास एमिल मागच्या खुर्चीत गुडघ्यांकडे बघत बसला होता आणि मायलो गाडी डाव्या बाजूला घ्यायची झाली की उगाचच भोंगा वाजवत होता.

आठवडाभर एमिलने स्वयंपाकघराच्या टेबलावर कपाळ टेकून काढला. कपाळाखाली आर्डिथने दुलईची घडी करून दिलेली. गावातल्या बायका कोलाचे म्हणजे मुरंबा भरलेले गोड पाव, डुकराचं भाजलेलं मांस, उकडीचे गोळे घेऊन यायच्या आणि त्याच्या मानेशी बोलायच्या. जन्मभर आभाळाकडे बघत आलेल्या माणसाला टेबलाचं लाकूड बघायला बसवलं होतं. आर्डिथ भांडी घासता घासता विचारायची, "आज काही दिसतं का रे?" तो म्हणायचा, "पाण्याखालून बघितल्यासारखं." काल म्हणाला तेच. उद्याही तेच म्हणेल की कमी म्हणेल, या विचारात ती घासलेली बशी पुन्हा घासायला घ्यायची.

त्या आठवड्यातल्या एका दुपारी ट्रॅव्हिस आला. दारातच उभा राहिला. 

"एमिल, मी आपलं… मका यंदा बरा आहे," तो म्हणाला.

"ट्रॅव्हिस का?" एमिल टेबलाकडे बघतच म्हणाला. "तुला मी पाहिलं नाही, पोरा."

"माहीत आहे."

"नाही, ऐक. मला माहीत होतं मला दिसत नाही. आणि तरी आलो."

ट्रॅव्हिस टोपी फिरवत राहिला. आर्डिथने त्याच्या हातात कोलाच ठेवला, तो त्याने न खाता खिशात घातला आणि गेला. बाहेर त्याची गाडी बराच वेळ सुरू झाली नाही.

मग एमिल म्हणाला, "मायलोला फोन लाव. म्हणावं, शेडमध्ये जा आणि माझ्या विमानाची बॅटरी काढून आण."

आर्डिथ थांबली. जे विमान उडायचं नसतं त्याचीच बॅटरी काढून घरात आणून ठेवतात.

"आजच?" तिने विचारलं. "तुझा डोळा बरा झाला तर?"

"आजच." त्याचं कपाळ दुलईवरून हललं नाही. फक्त मान लाल झाली. "उद्या मला विचारशील तर मी नाही म्हणेन."

तिने हात पुसले आणि फोन उचलला. मायलोचा नंबर तिला झोपेतही पाठ होता. तरी पहिल्या खेपेला तो भलत्याच घरी लागला.